दिवसाला सहा देवळं नकोत: सिएम रीपच्या खासगी सहलीबद्दल

तुमचा प्रश्न दोनदा वाचला. मला तो असा समजला: जानेवारीत चार दिवस कंबोडियातल्या सिएम रीपला जायचंय. तुम्ही दोघं, 11 वर्षांची मुलगी आणि आई-बाबा. बाबा 72 वर्षांचे, गुडघे कुरकुरतात. आई कडक शाकाहारी. एका कंपनीनं 'ख्मेर मंदिरं आणि ग्रामदर्शन' अशी खासगी सहल सुचवली आहे (ख्मेर म्हणजे कंबोडियातले लोक आणि त्यांची भाषा). त्यात रोज सहा देवळं, अंगकोर वटचा सूर्योदय, बाखेंग टेकडीवरचा सूर्यास्त, तरंगतं गाव आणि एका अनाथाश्रमाला भेट. पैसे बरेच मागतायत. ही घ्यावी, की टुकटुक करून आपलं आपण फिरावं?

मी 2011 पासून तिथे आठ-दहा जणांचे गट नेते, कोविडची वर्षं सोडून. त्या अनुभवावर सांगते. खासगी सहल घ्याच, तुमच्यासारख्या कुटुंबाला तीच सोयीची. पण तुम्हाला पाठवलेला कार्यक्रम खासगी म्हणवण्यासारखा नाही. ती बसची सहल आहे, फक्त गाडी लहान केलेली. खासगी सहलीत पैसे मोजायचे ते एकाच गोष्टीसाठी: कुठे किती वेळ थांबायचं हे आपण ठरवायचं. रोज सहा देवळं आधीच छापून आली की तेवढंच हातातून जातं, मग उरतो तो गाडीतला एसी.

आता काही गोष्टी तुमच्यावर अवलंबून आहेत आणि त्या मला इथून कळणार नाहीत. बाबा पायऱ्या चढू शकत नाहीत की उतरताना त्रास होतो? तिथे दुसरं जास्त महत्त्वाचं, कारण ख्मेर देवळांच्या पायऱ्या उंच आणि अरुंद असतात, चढताना माणूस चढून जातो आणि वर पोचल्यावर खाली बघून हबकतो. मांस-मासे शिजवलेल्या भांड्यातलं आईला चालतं का? मुलीला महाभारत माहीत आहे का? आणि घरात शिल्पं बघण्याची आवड नेमकी कुणाला आहे? अशा घरात बहुतेक वेळा एकालाच असते, बाकीचे सोबत असतात. यात लाजण्यासारखं काही नाही, पण कार्यक्रम आखताना ते कबूल करावं लागतं.

गाडी वेगळी, गाईड वेगळा

पहिली गल्लत इथेच होते. टुकटुकवाला किंवा ड्रायव्हर तुम्हाला देवळाच्या दारात सोडतो आणि बाहेर झाडाखाली हॅमॉक बांधून झोपतो. आत येऊन माहिती सांगायची त्याला परवानगी नसते. आत सांगायचं काम पर्यटन मंत्रालयाच्या परवान्याच्या स्थानिक गाईडनंच करायचं असा तिथला नियम आहे. मीसुद्धा गट नेते तेव्हा आत तोंड मिटून मागे चालते, बोलतो तो आमचा गाईड. म्हणून कंपनीला पहिला प्रश्न विचारा: गाईड चारही दिवस तोच आहे का, आणि त्याच्याशी आधी फोनवर बोलता येईल का? टाळाटाळ झाली तर कंपनी बदला.

फोनवर त्याला इतिहास विचारू नका, तो सगळ्यांचा पाठ असतो. विचारा, "अंगकोर वटला सूर्योदय झाल्यावर तुम्ही आम्हाला कुठे न्याल?" 'हॉटेलवर नाश्त्याला' असं म्हणाला तर तो गर्दीबरोबर वाहणारा माणूस. उत्तरेकडच्या तळ्याशी फोटो काढून सगळी गर्दी साडेसहाला नाश्त्याला पांगते, आणि पुढचा तास-दीड तास त्या अवाढव्य देवळाच्या ओवऱ्या जवळजवळ रिकाम्या असतात. जो म्हणेल की नाश्ता डब्यात बांधून घेऊ आणि तेव्हाच आत जाऊ, तो तुमचा गाईड.

दराचा अंदाज देते, हंगामानुसार कमी-जास्त होतो. इंग्रजी बोलणारा चांगला गाईड दिवसाला साधारण 35 ते 50 डॉलर, पाच जणांना पुरेल अशी व्हॅन 50 ते 70. अंगकोरचा, म्हणजे तिथल्या सगळ्या देवळांच्या परिसराचा, तीन दिवसांचा पास 62 डॉलर आणि तो 10 दिवसांत कुठल्याही तीन दिवशी वापरता येतो, सलग वापरायची सक्ती नाही. एका दिवसाचा 37, सात दिवसांचा 72. 12 वर्षांखालच्या मुलांना पास लागत नाही, वय दाखवायला पासपोर्ट लागतो. म्हणजे तुमचे चार पास, 248 डॉलर. आता कंपनीनं सांगितलेल्या रकमेतून हे सगळं आणि हॉटेल वजा करून बघा. जे उरेल ते तिचं कमिशन. ते वाजवी असेल तर जरूर द्या, फोन उचलणारं कुणीतरी असण्याचीही किंमत असते.

भिंतीसमोर उभं राहायला वेळ ठेवा

अंगकोर वट दुसऱ्या सूर्यवर्मन राजानं 12व्या शतकाच्या पूर्वार्धात बांधलं, विष्णूसाठी. तोंड पश्चिमेला. त्याचे मनोरे सगळे बघतात, पण आपल्यासाठी खरी मौज खालच्या ओवरीत आहे. पश्चिमेकडून आत शिरून उजवीकडे वळलात की समोर कुरुक्षेत्र. सबंध भिंत. एका टोकाकडून कौरव, दुसऱ्या टोकाकडून पांडव, कडेला शिस्तीत चालणारं पायदळ आणि मध्याकडे जाता जाता सगळा गोंधळ. शरपंजरी भीष्म शोधायला मुलीला सांगा. माझ्या गटातल्या मुलांना तो सापडायला पाच-सात मिनिटं लागतात, आणि तेवढ्यात ती अख्खी भिंत वाचून काढतात. डावीकडच्या ओवरीत लंकेचं युद्ध आहे, तिथे वानरं राक्षसांना चावतायत.

एक गोष्ट गाईडला पहिल्याच दिवशी नम्रपणे सांगून टाका: "आम्हाला महाभारत माहीत आहे, तुम्ही ख्मेर सांगा." नाहीतर बिचारा अर्धा तास अर्जुन कोण होता ते समजावत बसतो. हे सांगितलं की त्याचा चेहराच बदलतो. मग तो दाखवतो की दक्षिणेच्या ओवरीत स्वतः सूर्यवर्मन छत्र्या आणि पंख्यांच्या घोळक्यात बसलाय, आणि थोडं पुढे यम आणि चित्रगुप्त पापपुण्याचा हिशेब करतायत. पूर्वेच्या ओवरीत समुद्रमंथन, जवळपास 49 मीटर लांब. एका बाजूला 92 असुर, दुसऱ्या बाजूला 88 देव, असं मोजणाऱ्यांनी मोजलंय. आम्ही मोजायचा प्रयत्न केला, साठाच्या आसपास भांडण झालं.

ही चित्रं ओळीनं बघायची तर देऊळ डाव्या हाताला ठेवून चालावं लागतं, म्हणजे आपल्या प्रदक्षिणेच्या उलट. ही अंत्यविधीतली दिशा, म्हणून हे देऊळ राजाचं समाधिस्थळही असावं असं बरेच अभ्यासक मानतात. माझ्या गटातल्या आजींना मात्र उलटं फिरणं पटत नाही. त्या सरळ फिरतात, गोष्ट शेवटाकडून बघतात. काही बिघडत नाही.

सगळ्यात वरचा, बाकान म्हणतात तो मजला बाबांसाठी नाही. तिथला जिना खडा आहे. मुलीलाही सोडणार नाहीत, 12 वर्षांखालच्या मुलांना वर बंदी आहे. हे आधी सांगून ठेवा, नाहीतर आयत्या वेळी रुसवा. तुम्हा दोघांपैकी ज्याला आवड आहे त्यानं वर जावं, खांदे आणि गुडघे झाकणारे कपडे घालून. बाकीच्यांनी ओवरीत गार दगडावर बसावं. तुमच्या कार्यक्रमातला बाखेंगचा सूर्यास्त काढून टाका. टेकडी चढायची, मर्यादित लोक वर सोडतात म्हणून रांगेत उभं राहायचं, वर पुन्हा पायऱ्या, आणि अंधारात उतरायचं. त्याऐवजी संध्याकाळी स्रा स्रांगच्या पाण्याकाठी बसा. जुना बांधीव तलाव, घाटाच्या पायऱ्या, गार वारा. बाबा तुम्हाला दुवा देतील.

बांतेय स्रेईचं देऊळ मात्र काहीही झालं तरी सोडू नका. शहरापासून तासाभराच्या अंतरावर, सगळं सपाट, आणि लहान. राजानं नाही, यज्ञवराह नावाच्या राजगुरूनं बांधवलेलं. स्थापना 967 सालची. त्यांचे शिलालेख शकात असतात, म्हणजे शके 889. आपल्या पंचांगातला तोच शक. हे बाबांना सांगा, मग ते तुमच्या गाईडला दिवसभर साल विचारून शकात बदलत बसतील, त्यांचा दिवस मजेत जाईल. तांबूस वालुकाश्मावर इतकं बारीक काम आहे की लाकडात कोरल्यासारखं वाटतं. आवारातल्या दोन छोट्या इमारतींना ग्रंथालयं म्हणतात, त्यातल्या एकीच्या माथ्यावर रावण कैलास हलवतोय. वेरूळला कैलास लेण्यात हाच प्रसंग आपण मान वर करून बघतो, अंगावर येतो. इथे तो हातभर जागेत बसवलाय. कैलास पायऱ्यापायऱ्यांचा, प्राणी घाबरून पळतायत, पार्वती शंकराला बिलगलेली. समोरच्या ग्रंथालयावर खांडववन. इंद्र ऐरावतावरून पाऊस पाडतोय आणि कृष्णार्जुनांनी बाणांचं छप्पर करून तो वरच अडवलाय. मधल्या भागात दोरी लावलेली असते, आत जाता येत नाही, तेव्हा घरात दुर्बीण असेल तर न्या.

ता प्रोमचं देऊळ झाडांच्या मुळांसाठी बघतातच. गर्दी टाळायची तर साडेसातला दार उघडताना जा. तिथली डागडुजी भारताच्या पुरातत्त्व विभागानं केली आहे, त्याआधी 1986 ते 1993 अंगकोर वटचीही. चालायला बऱ्याच ठिकाणी लाकडी मार्ग आहेत, बाबांना जमेल.

आता गावाबद्दल

2012 मधली गोष्ट. तेव्हा मी नवशिकी होते आणि मीसुद्धा दिवसात सहा देवळं कोंबायची. प्रे रुप देवळाच्या पायथ्याशी आमच्या गटातले एक काका गाडीतून उतरलेच नाहीत. "पुरे झाली आता देवळं," म्हणाले. पुढे बांतेय स्रेईच्या रस्त्यावर प्रेआ दाक नावाचं गाव लागतं. तिथे काकांनी एकदम गाडी थांबवायला लावली. रस्त्याच्या कडेला ताडाची झाडं होती आणि एक माणूस कमरेला बांबूची नळकांडी लटकवून वर चढत होता. झाडाला उभा बांबू बांधलेला, त्याच्या पेरांशी फांद्यांचे खुंट ठेवलेले, त्यावर पाय देत सरसर वर.

काकांचं आजोळ वसईकडचं. ताड तोच, आपल्याकडे ताडगोळे देणारा. काका खाली उभे राहून त्या माणसाला हातवारे करून विचारायला लागले, हे झाड नर की मादी? त्याला ते कळलं! तो वरून हसला आणि बोटानं दोन झाडं वेगवेगळी करून दाखवली. खाली त्याची बायको चुलाणावर काहील चढवून बसली होती. आपल्या गुऱ्हाळाची लहान आवृत्ती. रस सकाळपासून आटत होता, कडेला फेस, आणि वास असा की गटातले सगळे गाडीतून उतरून तिथेच उभे. तिनं लाकडी घोटणीनं घोटून घोटून तो घट्ट केला आणि ताडाच्या पानाच्या गोल कड्यांत ओतला. काकांनी घोटणीवरचं बोटानं चाटलं आणि "काकवी," एवढंच म्हणाले. पुढचा तासभर आमचा गाईड दुभाष्या झाला. एका झाडाचा रस किती, पावसात काय करता, मुलं हे काम शिकतात का. शेवटच्या प्रश्नाला ती बाई फक्त हसली.

त्या दिवशी आम्ही बांतेय स्रेईला उशिरा पोचलो, घाईत बघितलं. एका ताईंनी माझ्याकडे तक्रार केली आणि ती रास्त होती, त्या शिल्पांसाठीच आल्या होत्या. तेव्हापासून मी सकाळी आधी देऊळ आणि परतताना गाव असं करते, आणि त्या दिवशी दुसरं काहीच ठेवत नाही.

गाव बघायचं म्हणजे एक घर, एक काम, आणि दोन-तीन तास. माझं सूत्र एवढंच. तुमच्या कार्यक्रमात गावात चार थांबे आहेत, प्रत्येकी 20 मिनिटं. 20 मिनिटांत फोटो होतात, ओळख होत नाही. त्याच प्रेआ दाकमध्ये तांदळाच्या पिठाच्या शेवया करणारी घरं आहेत, नोम बान्ह चोक म्हणतात. आंबवलेल्या पिठाचा गोळा साच्यात घालून उकळत्या पाण्यात पाडतात. मालवणी घरातल्या कुणी शिरवाळे केले असतील तर तिचे हात आपोआप साच्याकडे जातात. आईंना तिथे बसवा. भाषा लागत नाही. फक्त वरचं कालवण माशाचं असतं, ते नको म्हणून गाईडला आधीच सांगा.

पैशांचं काय करायचं हा प्रश्न सगळ्यांना पडतो. घरात बसलो, वेळ घेतला, तर त्यांनी केलेली वस्तू मागतील त्या भावात घ्या. ताडगुळाचं एक पुडकं घेताना घासाघीस करू नका. मुलांना चॉकलेट, पेन, पैसे वाटू नका. मी सुरुवातीला वाटायची. दुसऱ्या वर्षी त्याच गावात मुलं शाळा बुडवून रस्त्यावर उभी दिसली, तेव्हा बंद केलं.

आणि अनाथाश्रमाची भेट सरळ काढून टाका, त्यात 'परिस्थितीनुसार' काही नाही. कंबोडियात अशा आश्रमांतल्या बऱ्याच मुलांचे आई-वडील हयात आहेत. पर्यटक देणग्या देतात म्हणून मुलं गोळा करून ठेवली जातात, असं बालहक्कांवर काम करणाऱ्या संस्था वर्षानुवर्षं सांगतायत. आपल्या मुलीच्या शाळेत रोज परक्या लोकांची बस येऊन फोटो काढू लागली तर आपण काय करू? वर्ग चालू असताना शाळाभेट ठेवली असेल तर तीही नको.

तरंगत्या गावांचं जरा सविस्तर. तोनले साप सरोवर पावसाळ्यात चार-पाच पट पसरतं, कारण मेकाँग नदीला पूर आला की तोनले साप नदी उलटी वाहू लागते आणि पाणी सरोवरात शिरतं. पाऊस संपला की नदी पुन्हा फिरते. त्यामुळे त्याच गावाचं ऑक्टोबरातलं आणि एप्रिलमधलं रूप ओळखू येत नाही. ऑक्टोबरात घरांच्या उंबऱ्याशी होडी, एप्रिलमध्ये तीच घरं दोन-तीन मजली खांबांवर चिखलात उभी. जानेवारीत पाणी उतरत असतं पण होडी चालते. शहराच्या सगळ्यात जवळचं जे गाव दाखवतात तिथे मी जात नाही. होडीत बसवून मधेच दुकानाशी नेतात आणि शाळेसाठी तांदळाचं पोतं चढ्या भावात घ्यायला लावतात, आमच्या गटाकडूनही घेतलंय. कंपोंग फ्लुक जवळ आहे, तिथे बुडालेल्या जंगलातून लहान होडी फिरते, गर्दी असते. कंपोंग खलेआंग साधारण 50 किलोमीटरवर, मोठं आणि खरोखरचं नांदतं गाव. तुमच्यासाठी मी खलेआंग निवडीन. होडीत चढता-उतरताना बाबांना दोन्हीकडून हात लागेल एवढंच.

मात्र आदल्या दिवशी बायोनचं देऊळ बघा, हा क्रम उलटू देऊ नका. बायोनचे हसरे चेहरे सगळ्यांना माहीत असतात, पण बाहेरच्या भिंतीवर सातव्या जयवर्मन राजाच्या काळातला रोजचा दिवस कोरलेला आहे. शेजारच्या चाम लोकांशी झालेलं होड्यांवरचं युद्ध, आणि त्याखाली बाजार, कोंबड्यांची झुंज, स्वयंपाक, बाळंतपण. होड्यांखाली मासे झाडांच्या बुंध्यांमधून पोहतायत. आधी वाटतं, कारागिराला जागा पुरली नाही म्हणून त्यानं झाडं आणि मासे एकत्र केले. दुसऱ्या दिवशी सरोवरात जाता आणि होडीखालच्या पाण्यात खरंच झाडं उभी असतात. 1296 मध्ये झोउ दागुआन नावाचा चिनी अधिकारी इथे येऊन जवळपास वर्षभर राहिला. त्यानं लिहून ठेवलंय की इथला व्यापार बायका करतात, जमिनीवर चटई टाकून. बायोनच्या भिंतीवर त्या बसल्यात. खलेआंगच्या रस्त्यावर सुकी मासळी घेऊन बसलेल्याही त्याच.

मंदिरं आणि गावं अशी दोन वेगळी पॅकेजं करतात ते म्हणूनच मला खटकतं. ता प्रोमच्या 1186 च्या शिलालेखात हिशेब दिलाय: या एका देवस्थानाच्या सेवेला 3,140 गावं आणि 79,365 माणसं. तांदूळ, तेल, कापड सगळं त्या गावांतून. दगड उरले, लाकूड-बांबूची गावं कुजून गेली, पण तशीच गावं त्याच मातीत पुन्हा वसत आली. त्यातलीही आता हलतायत. 2022 पासून पुरातत्त्व उद्यानाच्या हद्दीतली हजारो कुटुंबं रुन ता एक नावाच्या नव्या वसाहतीत पाठवली गेली, मानवी हक्क संघटनांनी त्यावर टीकाही केली. माझी ओळखीची एक नारळवाली त्यात गेली. गाईडला याबद्दल चारचौघांत छेडू नका. गाडीत, चौथ्या दिवशी, तो स्वतःहून बोलला तर ऐका. ख्मेर रूज या क्रूर कम्युनिस्ट राजवटीच्या 1975 ते 79 च्या काळाबद्दलही तेच. प्रत्येक घरात कुणीतरी गेलेलं आहे.

आईंचं जेवण, आणि उरलेलं

'मांस नको' एवढं म्हणून भागत नाही, त्यात माशाचं पाणी येतंच. तिथे फिश सॉस आपल्याकडच्या मिठासारखा आणि प्राहोक, म्हणजे आंबवलेली मासळी, आपल्या फोडणीसारखी. 'म्होप बुओस' असं विचारा, म्हणजे व्रतवाल्यांचं जेवण. ते सांगितलं की समोरच्याला अर्थ लागतो. शहरात भारतीय हॉटेलं आहेत, गावाच्या दिवशी मात्र डबा न्या. मी मेथीचे ठेपले आणि लसणीची चटणी नेते. गेल्या खेपेला निम्मी चटणी गाईडच्या घरी गेली.

ख्मेर भाषेत गावाला 'फूम' म्हणतात, म्हणजे आपली भूमी. शिक्षकाला 'क्रू', म्हणजे गुरू. शाळेला 'साला'. मुलीला वही द्या आणि असे शब्द गोळा करायला सांगा. वयानं मोठ्या माणसाला 'बोंग' म्हणायचं, आजीला 'यिए', आजोबांना 'ता', आणि हात जोडायचे. बाबांना सगळे 'ता' म्हणून हाक मारतील.

नवा विमानतळ ऑक्टोबर 2023 पासून सुरू झालाय, शहरापासून चांगला तासाभराच्या अंतरावर. आणायला येणारी गाडी पॅकेजमध्ये आहे का बघा. थायलंडमधून रस्त्यानं सीमा ओलांडायचा विचार असेल तर तो सोडा, 2025 मध्ये दोन्ही देशांत सीमेवर लढाई झाली आणि रस्त्याची नाकी बंद झाली. विमानानंच जा. त्याच कारणानं प्रेआ विहेअर आणि बांतेय छमार ही सीमेजवळची देवळं या खेपेला नकोत, कितीही मोह झाला तरी. डॉलरच्या नोटा कोऱ्या न्या. जराशी फाटलेली नोट तिथे कुणी घेत नाही, आणि तुम्हाला मिळालेली फाटकी नोट पुढे खपतही नाही.

कंपनीला उत्तर लिहायचं तर एवढंच लिहा: चारही दिवस एकच परवानाधारक गाईड. दिवसाला दोन, फार तर तीन देवळं. 11 ते 3 हॉटेलवर विश्रांती. एक दिवस बांतेय स्रेई आणि परतताना प्रेआ दाक. बायोनच्या दुसऱ्या दिवशी कंपोंग खलेआंग. बाखेंग नको, अनाथाश्रम नको, दुकानांचे थांबे नकोत. एवढं कबूल केलं तर ते म्हणतायत त्याच्या आसपासची रक्कम मी देईन. 'असं आम्ही करत नाही' म्हणाले तर गाईड आणि व्हॅन वेगवेगळे ठरवा, तेही अवघड नाही.

तारखा पक्क्या करण्याआधी एक करा. बाकान बौद्ध पवित्र दिवशी बंद असतं, म्हणजे महिन्यातल्या दोन्ही अष्टम्या, पौर्णिमा आणि अमावास्या. घरातलं कालनिर्णय काढून जानेवारीचं पान बघा आणि अंगकोर वटचा दिवस त्यात येत नाही ना ते तपासा. तिथल्या आणि आपल्या तिथीत कधीकधी एका दिवसाचा फरक पडतो, तेव्हा तारीख गाईडकडून एकदा खात्री करून घ्या.